धोंडाबाईंची गृहभेट

सामुदायिक आरोग्याचा कणा म्हणजे नेतृत्व, आणि नेतृत्व हा जन्मजात गुण नसून तो शिकवता येतो, हे सत्य रोहिणी गांगुर्डे मॅडम गेली बावीस वर्षं नर्सिंगच्या मुलींना शिकवत होत्या. या बावीस वर्षांत मॅडमनी स्वतः एकदाच नेतृत्व केलं. स्टाफरूमचा पंखा चारवरून दोनवर आणायचा निर्णय त्यांनी घेतला. शिपाई दत्तूने तो परत चारवर केला, तेव्हा त्या उठून शाल घेऊन आल्या.

नाशिकरोडच्या पुढे, जिथून एकलहऱ्याच्या वीजकेंद्राची धुरांडी दिसायला लागतात, तिथे त्यांचं कै. सहादूबाबा नर्सिंग महाविद्यालय आहे. अभ्यासक्रमातलं सातवं प्रकरण नेतृत्वाचं. त्यात नेत्याचे दहा गुण दिले आहेत. मुली ते आंघोळीच्या रांगेत पाठ करतात. आठवा गुण 'धैर्य' हा हमखास राहून जायचा आणि मॅडम त्याचा अर्धा मार्क न चुकता कापायच्या.

प्रात्यक्षिकासाठी कॉलेजने हिंगणवाडी हे गाव दत्तक घेतलं होतं. म्हणजे गावाला कुणी विचारलं नव्हतं, पण वेशीवर तशी पाटी होती. दर मंगळवारी आणि गुरुवारी कॉलेजची बस चाळीस मुलींना घेऊन गावात जायची आणि पाण्याच्या टाकीपाशी थांबायची. त्यापुढे रस्ता अरुंद, बस वळवता येत नाही, असं ड्रायव्हरचं म्हणणं. त्यामुळे टाकीपासून दहा मिनिटांच्या आत जी चाळीस घरं होती, त्यांचं आरोग्य गेली पंधरा वर्षं डोळ्यांत तेल घालून पाहिलं जात होतं. वरच्या आळीत आणखी पावणेदोनशे घरं होती. ती निरोगी असावीत असं गृहीत धरलेलं होतं.

टाकीपासचं पहिलंच घर धोंडाबाई दोंदे यांचं. उभ्या जिल्ह्यात धोंडाबाईंइतका कुणाचा रक्तदाब मोजला गेला नसेल. पंधरा वर्षांत पंधरा बॅचेस त्यांच्या ओट्यावर शिकून गेल्या. गृहभेटीची एक रीत असते. आधी खाली वर्तमानपत्र पसरायचं, त्यावर बॅग ठेवायची, बॅगेतून साबण काढून हात धुवायचे, मगच बाकीच्या वस्तूंना हात लावायचा. धोंडाबाई वर्तमानपत्र आधीच काढून ठेवायच्या. नवी मुलगी गडबडली की त्या हळूच म्हणायच्या, "पोरी, आधी हात. थर्मामीटर मागनं. साबन डाव्या खनात असतो." परीक्षेच्या दिवशी तर परीक्षकांची पाठ वळली की त्या नुसत्या भुवईने पुढची पायरी सांगायच्या. हॉस्टेलमध्ये एक समजूतच होती, की ज्या मुलीला धोंडामावशीचं घर मिळालं, ती पास झालीच.

या वर्षी ते घर सायली बोराडेला मिळालं, आणि तिथेच घोटाळा झाला.

प्रत्येक मुलीला वाट्याला आलेल्या घराची एक फाइल करावी लागते. घरात माणसं किती, जनावरं किती, पाणी कुठलं, आजार कुठला, सल्ला काय दिला, आणि शेवटच्या पानावर घरातल्या कर्त्या माणसाची सही. सही नसेल तर परीक्षेला बसू देत नाहीत, हा कॉलेजचा नियम. आता चाळीस घरं तीच आणि प्रश्न तेच म्हटल्यावर, नऊ वर्षांपूर्वीच्या एका गुणवंत बॅचच्या फाइली हॉस्टेलच्या कपाटात जपून ठेवलेल्या होत्या आणि दर वर्षी त्यांच्यावरून नव्या फाइली उतरत होत्या. अक्षर बदलायचं, कव्हर बदलायचं, आत काळ थांबलेला. धोंडाबाईंचं वय नऊ वर्षं बावन्न होतं. त्यांच्या तीन शेळ्या विकून जमाना झाला, पण फाइलीत त्या गाभणच होत्या.

एका मंगळवारी सायली घाईघाईत बस पकडायला पळाली आणि फाइल ओट्यावर राहिली. धोंडाबाईंची सून मनीषा बारावी शिकलेली. दुपारी ओट्यावर शेजारच्या बायका शेंगा फोडत बसल्या होत्या, करमणूक म्हणून तिने फाइल मोठ्याने वाचायला घेतली. शेळ्यांपर्यंत सगळ्याजणी पोट धरून हसल्या.

मग मनीषाने पुढचं पान वाचलं. "कुटुंबप्रमुख, पुंजा दोंदे, वय अठ्ठावन्न. रक्तदाब एकशेतीस बाय ऐंशी. तंबाखू सोडण्याचा व औषध नियमित घेण्याचा सल्ला दिला. सल्ला पाळत आहेत."

कुणी हसलं नाही. पुंजाबाबांना जाऊन दोन वर्षं झाली होती.

गुरुवारी बस टाकीपाशी थांबली. चाळीस मुली चाळीस बॅगा आणि चाळीस वर्तमानपत्रं घेऊन उतरल्या, आणि चाळीस दारं बंद दिसली. टाकीच्या कठड्यावर साठीच्या बयाबाई पाय हलवत बसल्या होत्या. धोंडाबाईंच्या त्या शेजारीण आणि गावातल्या एकंदर घडामोडींच्या प्रवक्त्या.

"आज गाव बंद हाय," बयाबाई म्हणाल्या.

"का हो आजी?" रोहिणी मॅडमनी विचारलं.

"मेलेल्याचा बीपी मोजून झाला ना तुमचा? मंग जित्यांचा कशाला पायजे?"

परीक्षेला तीन आठवडे राहिले होते. गावातून एकही सही मिळालेली नव्हती. प्राचार्य मॅडम नेतृत्व प्रशिक्षणासाठी लोणावळ्याला गेल्या होत्या, आणि फोनवर त्यांनी, "तुम्ही बघा काय ते," एवढंच नेतृत्व केलं. मुलींचं वर्ष जाणार, हे वाक्य रोहिणी मॅडमच्या डोक्यात परतीच्या वाटभर घणासारखं पडत राहिलं. सायली शेवटच्या सीटवर रडत होती. तिचे वडील ओझरला कारखान्यात कामाला, आणि पोरीने नर्स व्हायचं हे त्यांनी ती सहा वर्षांची असतानाच सगळ्या पाहुण्यांना सांगून टाकलेलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मॅडम सायलीला स्कूटीवर मागे बसवून हिंगणवाडीला गेल्या. वाटेत त्यांनी संवादकौशल्याच्या प्रकरणाची मनात उजळणी केली. नजरेला नजर द्यावी, समोरच्याचं ऐकून घ्यावं, आवाज सौम्य ठेवावा.

धोंडाबाईंनी दार उघडलं, पाणी दिलं, आणि फाइल पुढ्यात ठेवली.

"मावशी, चूक झाली," मॅडम सौम्य आवाजात म्हणाल्या.

"चूक बघू मागनं. ही सही कोनाची?" शेवटच्या पानावर ऐटदार अक्षरात 'पुंजा दोंदे' अशी सही होती, खाली दोन रेघा मारलेली.

सायलीने मान खाली घातली. "शेवटी घाई नको म्हणून... मी आधीच करून ठेवली."

"अगं, त्यांला सही येतच नव्हती. अंगठा लावायचे. समद्या बॅचच्या वह्यांवर त्यांनी अंगठाच लावला. ती निळी शाई निघायची नाय, रॉकेलनं घासायचे, मंग जेवताना चिडायचे, का भाकरीला रॉकेलचा वास येतो म्हनून." धोंडाबाईंनी सहीखालच्या दोन रेघांवरून बोट फिरवलं. "सही करता आली असती तर लय मिरवले असते."

"मावशी, मी परत लिहिते," सायली म्हणाली आणि पुन्हा रडायला लागली.

"रडू नको गं. तुझी नाय चूक. तू ल्हान हाय." धोंडाबाईंनी दोन पानं मागे उलटली आणि फाइल मॅडमकडे सरकवली. "वह्या कोन तपासतं?"

'सल्ला पाळत आहेत' या ओळीखाली लाल पेनाची बरोबरची खूण होती. शेजारी लाल अक्षरात लिहिलं होतं, 'छान!' आणि खाली रोहिणी मॅडमची सही.

मॅडमना पुंजाबाबांचा दहावा आठवला. त्या स्वतः आल्या होत्या. याच ओट्यावर बसल्या होत्या, धोंडाबाईंच्या पाठीवरून हात फिरवला होता. नजरेला नजर द्यावी हे प्रकरणातलं वाक्य त्यांना त्या क्षणी अजिबात अमलात आणता आलं नाही.

"मी वाचलं नाही," त्या म्हणाल्या. "चाळीस फाइली होत्या. मी न वाचता खूण केली."

हे वाक्य कुठल्याच प्रकरणात नव्हतं, पण ते ऐकून धोंडाबाई जरा सैल झाल्या.

"पोरींचं वरीस घालवायला मला काय हौस नाय," त्या म्हणाल्या. "दारं उघडू आमी. पन एक हाय. पंधरा वर्सं तुमी आमचं घर पाहिलं. चूल पाहिली, संडास पाहिला, पोटात काय गेलं आन् कधी बाहीर आलं तेबी इचारलं. आता आमी तुमचं घर पाहू. समदं बरुबर असलं तर सह्या. नसलं तर बरुबर करा, मंग सह्या."

"माझं घर?"

"तुमचं नाय बाई. पोरी ऱ्हातात ते. हॉस्टेल."

मॅडम हो म्हणाल्या. हॉस्टेल कसं आहे हे त्यांना माहीत असतं तर कदाचित म्हणाल्या नसत्या.

शनिवारी अकरा वाजता हिंगणवाडीहून पाच बाया रिक्षाने आल्या. पुढे धोंडाबाई, मागे बयाबाई, मनीषाच्या हातात प्रश्नावली. प्रश्नावली कॉलेजचीच, फोटोकॉपी केलेली, एक अक्षर न बदलता. मनीषाच्या खांद्याला पोरीचं गुलाबी दप्तर होतं. हॉस्टेलच्या हॉलमध्ये धोंडाबाईंनी आधी वर्तमानपत्र पसरलं, त्यावर दप्तर ठेवलं, डाव्या खणातून साबण काढला आणि हात धुवायला पाणी मागितलं. नळाला पाणी नव्हतं. मनीषाने वहीत काहीतरी लिहिलं. सगळ्या वर्षांच्या मिळून बासष्ट मुली भिंतीला टेकून उभ्या होत्या आणि आपल्याला हात धुवायला साबण कुठे असतो हे आठवत होत्या.

"कुटुंबप्रमुख कोन?" धोंडाबाईंनी विचारलं.

वॉर्डनबाई म्हणाल्या, "संस्थेचे अध्यक्ष. शेखरसर."

"ते हितं ऱ्हातात?"

"नाही. बंगला आहे त्यांचा."

"हितं जेवतात?"

"छे, छे!"

"मंग ते पाव्हने. मनीषा, रिकामं सोड. आता हितं मोठं कोन हाय?"

बासष्ट मुलींनी रोहिणी मॅडमकडे पाहिलं. मॅडमनी मागे वळून पाहिलं. मागे भिंत होती.

"लिही, रोहिणीबाई," धोंडाबाई म्हणाल्या. "एका चुलीवर जेवनारी मानसं?"

"बासष्ट."

"संडास?"

"चार."

"चालू?"

"तीन."

चौथ्याला कुलूप होतं. किल्ली शोधायला दत्तूला वीस मिनिटं लागली. दार उघडल्यावर आत छतापर्यंत गुंडाळलेले फलक निघाले. वरच्याच फलकावर हात धुणाऱ्या बाळाचं हसरं चित्र होतं आणि खाली लिहिलं होतं, 'शौचालयाचा वापर, आरोग्याचा आधार'. मनीषाने तेही वाचून दाखवलं. बयाबाई म्हणाल्या, "खरं हाय. आधार लय झालाय, म्हनूनच बसायला जागा नाय."

एक मुलगी फिस्सकन हसली आणि मग सगळ्याच हसल्या, वॉर्डनबाईसुद्धा. तेव्हापासून भेटीला रंग चढला. मुली न विचारता सांगायला लागल्या. भातात खडे येतात. पोळ्या गुरुवारी मिळत नाहीत. मनीषाने मुलींच्याच यंत्रावर मुलींचंच हिमोग्लोबिन पाहायला लावलं, तेव्हा लोहयुक्त आहाराचं पोस्टर काढून पहिला नंबर मिळवलेल्या मुलीचं साडेआठ निघालं.

"पानी कुठनं येतं?" पुढचा प्रश्न.

"गच्चीवरच्या टाकीतून. कॉलेजलाही तीच."

"टाकी कवा धुतली?"

हा प्रश्न पंधरा वर्षं मुलींनी गावात विचारला होता. त्याचं उत्तर द्यायची वेळ त्यांच्यावर कधी आली नव्हती. टाकीच्या भिंतीवर 'टाकी धुतल्याचा दिनांक' असं सुबक अक्षरात रंगवलेलं होतं. पुढे दिनांक नव्हता. बयाबाईंनी लुगड्याचा काष्टा आवळला आणि कुणी काही म्हणायच्या आत त्या लोखंडी शिडी चढून वर गेल्या. झाकण सरकल्याचा आवाज आला.

"रोहिणीबाई," वरून आवाज आला, "जरा वर येता का? कबुतर हाय."

खाली आल्यावर शेवटचा रकाना उरला होता. घरात आजारी कोण.

"कोणी नाही," मॅडम म्हणाल्या.

"मॅडमना बीपी आहे," सायली म्हणाली. आणि मॅडमच्या नजरेला नजर देऊन, अगदी प्रकरणात सांगितल्याप्रमाणे, पुढे म्हणाली, "गोळ्या घेत नाहीत."

मॅडमना खुर्चीत बसवलं. धोंडाबाईंनी पट्टा स्वतः गुंडाळला, कोपराच्या वर दोन बोटं, नळी आतल्या बाजूला. पंधरा वर्षं ज्यांच्या दंडावर तो गुंडाळला गेला, त्यांना काय शिकवायचं? यंत्राने घरघर केली आणि आकडा दाखवला. एकशे अडुसष्ट, खाली एकशे चार.

"गोळी हाय?"

"आहे."

"खाता?"

"घेते की. म्हणजे... आठवलं की घेते."

धोंडाबाई पट्टा सोडवत होत्या, त्यांचा हात थांबला.

"आमचे हेबी असंच म्हनायचे," त्या म्हणाल्या. "आठवलं की. सकाळी चांगले पान्यावर गेले व्हते. मोटार चालू केली आन् तिथंच बसले. बसले ते बसलेच."



"लोणचं?" धोंडाबाईंनी विचारलं.

"थोडं."

"बरणी आहे, स्टाफरूमच्या कपाटात," वॉर्डनबाई म्हणाल्या. आज कुणीच कुणाचं राखत नव्हतं.

"मनीषा, लिही. गोळी रोज घ्यायचा आन् लोनचं बंद करायचा सल्ला दिला." मनीषाने लिहिलं. "पुढं जागा सोड. पाळत्यात का नाय ते मंगळवारी पाहून लिहू."

रोहिणी मॅडम बावीस वर्षं हा विषय शिकवत होत्या. सल्ल्यापुढे जागा सोडायची असते, हे त्यांना त्या दिवशी कळलं.

सोमवारी त्या अध्यक्षांच्या केबिनमध्ये गेल्या. आदल्या रात्री त्यांच्या मुलाने, संघर्षने, त्यांच्यासमोर उभं राहून गोळी घ्यायला लावली होती, कारण सायलीने त्यालाही फोन केला होता. मॅडमच्या पर्समध्ये चिठ्ठी होती. तीत दहा मुद्दे होते. मुलींचं आरोग्य, संस्थेची प्रतिष्ठा, गावाशी असलेलं नातं, असे चढत्या क्रमाने. बोलताना आवाज कापू नये म्हणून त्यांनी तो सकाळी बाथरूममध्ये तपासून पाहिला होता.

शेखरसर माणूस तसा गोड. कुणालाही नाही म्हणत नसत, फक्त पुढच्या महिन्यात म्हणत. त्यांच्यासमोर काचेचा ग्लास होता, अर्धा प्यालेला.

"या मॅडम, बसा."

"नको सर."

"अहो बसा. ते संडासाचं कानावर आलंय माझ्या. पुढच्या महिन्यात करून टाकू. टाकीचंही त्यातच घेऊ. काय आहे, उन्हाळा बघून—"

मॅडमनी चिठ्ठी काढायला पर्स उघडली. चिठ्ठी सापडेना. किल्ल्या, रुमाल, गोळ्यांचं पाकीट, पुन्हा किल्ल्या. शेवटी त्यांनी वर पाहिलं.

"सर, टाकीत कबुतर आहे."

"जिवंत?"

"नाही."

शेखरसरांनी चेहरा गंभीर केला. "अरेरे. मग मुली पाणी कुठलं पितात?"

"शनिवारपर्यंत तेच."

"फिल्टर असेल ना पण?"

"बिघडलाय. पुढच्या महिन्यात करायचाय."

शेखरसरांची नजर हळूहळू समोरच्या ग्लासावर गेली. "आणि... इथे?"

"तेच, सर."

टाकी पाऊण तासात धुतली गेली. दत्तू आत उतरला होता आणि अध्यक्ष स्वतः गच्चीवर उभे राहून, रुमाल तोंडाला लावून देखरेख करत होते. चौथ्या संडासातले फलक दुपारपर्यंत वाचनालयात गेले. फिल्टरवाला संध्याकाळी आला. मॅडम खाली उभ्या राहून हे सगळं पाहत होत्या आणि आपण एवढं काय बोललो हे आठवायचा प्रयत्न करत होत्या. जेमतेम पंधरा शब्द भरले असते. त्यांतला एकही मुद्द्यांपैकी नव्हता.

मंगळवारी धोंडाबाई फेरभेटीला आल्या. आधी चारही संडासांत डोकावल्या. मग बयाबाईंना शिडीवर चढवून टाकीवरची तारीख वाचायला लावली, आणि बयाबाईंना वाचता येत नसल्यामुळे मनीषालाही चढवलं. मॅडमचा रक्तदाब एकशे अठ्ठेचाळीस, ब्याण्णव. लोणच्याची बरणी दत्तूला देऊन टाकलेली.

"खाली अजून यायला पायजे," धोंडाबाई म्हणाल्या. "पन सल्ला पाळत्यात. लिही."

मनीषाने ते लिहिलं. मॅडमनी ती ओळ वाचली. पूर्ण वाचली, दोनदा.

"मग मावशी, गुरुवारी येऊ ना?"

"या की. पन आमच्याकडं नाय."

"म्हणजे?"

"आमचं झालं बाई पंधरा वर्सं. आमाला समदं पाठ हाय, मीठ कमी, हात धुवा, पानी झाका. वरच्या आळीत जा. तिकडं पावनेदोनशे घरं हायेत, एका बाईच्या दंडाला अजून पट्टा लागला नाय. मी येते संगं, वळख करून देते."

"पण बस वर जात नाही."

"पाय जातात ना?"

गुरुवारी चाळीस मुली टाकीपाशी उतरल्या आणि धोंडाबाईंच्या मागोमाग चढावर चालत गेल्या. ड्रायव्हर त्यांच्याकडे मोठ्या सहानुभूतीने पाहत होता. वरच्या आळीत कुणी वर्तमानपत्र काढून ठेवलेलं नव्हतं. कुणी भुवई उडवून पुढची पायरी सांगितली नाही. एका म्हाताऱ्याने मुलींना कर्जवसुलीच्या समजून कुत्रं सोडलं. फाइलींसाठी कपाटात काहीच नव्हतं, सगळं विचारून लिहावं लागलं, आणि नऊ वर्षांत पहिल्यांदा फाइलींमध्ये खाडाखोड दिसायला लागली.

दुसऱ्याच फेरीत, नवव्या घरात, आठ महिन्यांची पोटुशी निकिता भेटली. वय एकोणीस, पाय सुजलेले, डोकं दुखतंय म्हणून तोंडावर पदर घेऊन पडलेली. सायलीच्या मैत्रिणीने पट्टा गुंडाळला, आकडा पाहिला, आपलंच यंत्र बिघडलं समजून दुसऱ्यावर पाहिला आणि मग मॅडमना हाक मारत आळीभर पळत सुटली. रोहिणी मॅडमनी फोन केला, गाडी मागवली, सासूचं "उद्या बघू" ऐकून घेतलं नाही. धोंडाबाईंनी तर सासूला सरळ गाडीतच बसवलं. निकिता सिव्हिलला सतरा दिवस होती. मुलगा झाला, अशक्त पण खणखणीत रडणारा. नाव आयुष ठेवलं. ते कुणी सुचवलं यावर अजून वाद आहे, कारण चाळीसही मुली म्हणतात की त्यांनीच.

सायलीने मात्र धोंडाबाईंचंच घर मागून घेतलं. एका दुपारी ती एकटीच गेली, बॅग न घेता. ओट्यावर बसून तिने विचारलं, "मावशी, बाबांबद्दल सांगा ना." धोंडाबाईंनी आधी दोन वाक्यांत संपवलं. मग चहा ठेवला. मग विहीर खणली तेव्हाचं निघालं, मग लग्नातलं भांडण, मग पुंजाबाबा एकदा दारूबंदीच्या सभेत अध्यक्ष म्हणून बसले आणि झोपले ते. मनीषा, जी या घरात अकरा वर्षं होती, तीही हातातलं काम सोडून ऐकत बसली. संध्याकाळची बस चुकली तेव्हा सायलीच्या वहीची सात पानं भरली होती. पुंजा दोंदे यांच्या नावापुढे तिने मृत्यूची तारीख लिहिली, कारण लिहिलं, आणि 'औषध अनियमित' असं लिहिलं. वय तिने विचारलं. धोंडाबाईंचं वय एकसष्ट निघालं.

"एकदम नऊ वर्सांनी म्हातारी केलीस की गं," धोंडाबाई म्हणाल्या आणि शेवटच्या पानावर सही केली. साक्षरतेच्या वर्गात शिकलेली, एकेक अक्षर स्वतंत्र, पान फाटेल इतकी दाबून.

परीक्षेच्या आदल्या दिवशी दुपारी चाळीस फाइली पूर्ण झाल्या. रोहिणी मॅडमनी त्या घरी नेल्या आणि पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचल्या. कुठे आकडा चुकला होता, कुठे शाई सांडली होती, एकीने कुत्र्याचं नावही लिहिलं होतं. लाल पेन त्यांनी सहा ठिकाणी वापरलं आणि सहाही ठिकाणी प्रश्न विचारले. त्या पूर्ण बॅचमध्ये 'छान' हा शब्द त्यांनी एकदाच लिहिला. तो सायलीच्या सातव्या पानावर.

तोंडी परीक्षेला बाहेरून परीक्षक बाई आल्या. त्यांनी प्रत्येक मुलीला तीन प्रश्न विचारले, त्यांतला एक नेत्याच्या गुणांचा. सगळ्या मुली पास झाल्या. चाळीस फाइली टेबलावर फितीने बांधून ठेवल्या होत्या. परीक्षक बाईंनी त्यांवर आपली पर्स ठेवली आणि जाताना उचलली. त्यांना चारची गाडी होती.